घुमटी आहे, भोक कुठाय?

वर्धा शहराला खेटून असलेलं बोरगाव मेघे जनगणनेच्या वहीत शहर आहे आणि कारभाराच्या वहीत ग्रामपंचायत. त्यामुळे इथल्या घरांनाही दोन्ही बाजू सांभाळाव्या लागतात. खाली अंगणात तुळस, नळाचं पाणी साठवायचे ड्रम, दारात चपलांचा ढीग. आणि वर, आकाशाच्या दिशेनं, काहीतरी शहराला शोभेलसं. ले-आऊटमधल्या घरांचा जन्मक्रम ठरलेला असतो. पायव्यात गेलेला पैसा कुणाला दिसत नाही, भिंतींत गेलेला रंगाखाली झाकला जातो. स्लॅब पडतो त्या दिवशी मिस्त्री-मजुरांना जेवण घालून मालक हात धुतो, रस्त्याच्या पलीकडे जाऊन उभा राहतो आणि आपल्या घराकडे बघतो. घात होतो तो इथे. सपाट स्लॅबचं घर रस्त्यापलीकडून कसंही पाहिलं तरी अर्धवटच दिसतं. ‘पोरगा नोकरीला लागला की वरचा मजला काढील’ या आशेवर सोडलेल्या पिलरच्या सळया, त्यांच्या बाजूला पाण्याची काळी टाकी, तिच्यापासून सुरू होऊन कुठेच न पोहोचलेला पाइप. एवढा खर्च करून घराला डोकंच नाही, असं मालकाच्या मनात येतं. मग कुणीतरी एका दुकानाचं नाव सांगतं आणि घराला घुमटी बसवायचं ठरतं.

ही घुमटी, म्हणजे ठेकेदाराच्या भाषेत ‘डोम’, बहुधा फायबरची असते. साच्यातून निघालेली, आतून पोकळ, दोन माणसं उचलून नेतील इतकी हलकी. टेम्पोत आडवी बांधून येते तेव्हा रस्त्यावरची पोरं सायकली थांबवून बघतात. सहा किंवा आठ खांब, खांबांना जोडणाऱ्या महिरपी, वर पाकळ्यापाकळ्यांचा अर्धगोल आणि टोकाला सोनेरी मुलामा दिलेला कळस. ती स्लॅबच्या दर्शनी कोपऱ्यात उभी करतात, खांबांच्या पट्ट्या स्लॅबवर टेकवतात, ड्रिलनं भोकं पाडून बोल्ट ठोकतात, भोवती सिमेंटचा हात मारतात. काम अर्ध्या दिवसात उरकतं. आता याच घुमटीच्या बरोबर खाली, स्लॅबच्या दुसऱ्या बाजूला काय आहे ते पाहा. तिथे हॉल आहे. हॉलला पीओपीचं गोल नक्षीचं छत आहे, मधोमध झुंबर आहे, खिडकीत कूलर घरघरतोय आणि कूलरसमोर चार माणसं बनियनवर बसून घाम पुसताहेत. खाली माणसं उकडताहेत आणि वर घुमटी वारा खातेय.

या देखाव्यावर माझा आक्षेप सौंदर्याच्या अंगानं नाही. कुणाच्या घरावर काय शोभतं हे ज्याचं त्यानं ठरवावं. पंजाबात जालंधरच्या बाजूला लोक घरांवर विमानाच्या आकाराच्या पाण्याच्या टाक्या बांधतात आणि त्या टाक्यांत निदान पाणी असतं. माझं म्हणणं एवढंच आहे, की घुमटी ही मुळात छपरातल्या भोकावर धरलेली छत्री आहे. आधी भोक, मग त्यात पाऊस पडू नये म्हणून घुमटी. भोकावाचून घुमटी म्हणजे कुकरला शिटी बसवायची आणि तिच्याखालचं भोक सिमेंटनं लिंपून टाकायचं. शिटी चकचकीत दिसेल, पण डाळ शिजवणाऱ्या बाईला तिचं काय करायचं ते सांगता येणार नाही.

हे म्हणणं हवेतलं नाही, त्याला पुरावा आहे, आणि तो गुरांच्या गोठ्यापासून राष्ट्राध्यक्षाच्या घरापर्यंत पसरलेला आहे. अमेरिकेतल्या शेतकऱ्यांनी आपल्या गवताच्या कोठारांवर घुमट्या बसवल्या त्या शेजाऱ्याला दाखवायला नव्हेत. ओलसर गवत रचून ठेवलं की आतल्या आत तापतं आणि कधीकधी स्वतःहून पेट घेतं. ती ऊब आणि दमट हवा वरून निघून जावी म्हणून छपराच्या कण्यावर जाळीदार झडपांची पेटी. जॉर्ज वॉशिंग्टनच्या माउंट व्हर्ननच्या घरावरही घुमटी आहे. तिच्या टोकाला चोचीत फांदी धरलेल्या कबुतराचा वातकुक्कुट आहे, तो १७८७ सालचा. पण कबुतराच्या खालचा भाग जास्त कामाचा: घुमटीला खिडक्या आहेत, आणि उन्हाळ्यात त्या उघडल्या की घरातली तापलेली हवा जिन्यातून वर चढून बाहेर पडायची. म्हणजे बैलाला जी सोय तीच सेनापतीला. पुढे त्याच देशात मोटारीच्या गॅरेजवर बसवायच्या तयार घुमट्या विकायला आल्या, त्यांच्याखाली भोक पाडणं ऐच्छिक झालं आणि बहुतेकांनी ते ऐच्छिकच ठेवलं. तेव्हा हा रोग बोरगावातच उपजला असं कुणी समजू नये.

उलट आपल्याकडे भोकाची परंपरा घुमटीच्या कितीतरी आधीची आणि अधिक प्रामाणिक. धाब्याच्या घरांना मातीच्या छपरात साणं असायचं. वीतभर रुंद, फार तर हातभर. चुलीचा धूर त्यातून बाहेर जायचा आणि सूर्य त्यातून आत यायचा. जमिनीवर पडलेला उन्हाचा तो तुकडा सकाळी कणगीवर, दुपारी जात्याजवळ आणि कलत्या उन्हात भिंतीवर चढलेला दिसायचा. घरात घड्याळ नसलं तरी चालायचं. पाऊस आला की कुणीतरी धावत वर जाऊन त्यावर पाटी पालथी घालायचं. त्या पाटीला महिरप नव्हती, कळस नव्हता, पण घुमटीचं सगळं काम ती करत होती. वाड्यांनी हेच भोक इतकं मोठं केलं की त्याला चौक म्हणायची वेळ आली. आणि कवेलूच्या घराला तर वेगळं भोक पाडायची गरजच नव्हती, कारण सगळं छप्परच फटींचं. कवेलूंच्या हजार फटींतून घर रात्रभर श्वास सोडत राहायचं.

बोरगावापासून थोड्याच अंतरावर याचा सर्वांत प्रसिद्ध नमुना उभा आहे. महात्मा गांधी शेगावात, म्हणजे आजच्या सेवाग्रामात, राहायला आले ते ३० एप्रिल १९३६ रोजी. वर्ध्यात एप्रिलअखेरीला घर बदलणारा माणूस एकतर बदली झालेला असतो किंवा महात्मा. तिथल्या कुट्या मातीच्या भिंतींच्या, बांबूच्या आणि कवेलूच्या. बापूकुटीच्या माथ्यावर शोभेचं काही नाही. १९७८ साली इव्हान इलिच हा विचारवंत तिथे बसून गेला आणि त्या कुटीवर त्यानं केलेलं भाषण जगभर वाचलं गेलं, तेही माथ्यावर शोभेचं काही नसताना. उन्हाळ्यात बापू डोक्यावर ओलं फडकं ठेवत. हे फडकं पाहून कुणी म्हणेल, की बघा, कवेलू असूनही उकडत होतंच ना? होतंच. वर्ध्याच्या मे महिन्याला कुठल्याही छपरानं आजवर हरवलेलं नाही. प्रश्न एवढाच, की उन्हाबरोबर आपण आणखी काय सोसायचं. आणि कवेलू गेले ते उकाड्यामुळे नव्हे, वानरांमुळे. दरवर्षी पावसाळ्याच्या तोंडावर माणूस लावून कवेलू फेरायचे आणि आठव्या दिवशी वानरांच्या टोळीनं त्यांवरून शर्यत लावायची, याला लोक कंटाळले. विदर्भात स्लॅबचा प्रचार सिमेंट कंपन्यांनी केला असेल त्याहून जास्त वानरांनी केला.

स्लॅब आला आणि भोक गेलं. स्लॅबचे गुण मी नाकारत नाही: तो गळत नाही (निदान पहिली काही वर्षं), त्यावर वडे-पापड वाळत घालता येतात, आणि त्यावर कर्ज मिळतं. पण तो दिवसभर ऊन पितो आणि ते रात्रभर आत सोडतो. नवतप्याच्या नऊ दिवसांत बाहेरची हवा रात्री दहा-अकराला निवते, घरातली निवत नाही, कारण डोक्यावर तापलेल्या सिमेंटचा थर आहे आणि त्याखाली अडकलेल्या गरम हवेला निघायला वाट नाही. गरम हवा हलकी असते, ती वर जाते, एवढं शास्त्र शाळेत सगळ्यांनी पाठ केलेलं आहे. खिडक्या छताच्या दोन-तीन फूट खाली थांबतात. जुन्या सरकारी क्वार्टरांना छताला लागून छोटे झरोके तरी असायचे. नव्या घरांत तिथे पीओपीची पट्टी आली आणि पट्टीत रंगीत दिवे.

आता शोभेच्या बाजूनं बोलणाऱ्यांचं ऐकलं पाहिजे, कारण त्यांची बाजू लेचीपेची नाही. ते म्हणतील, देवळाच्या कळसाखाली भोक असतं का? मग आमच्याच घुमटीला का विचारता? मुद्दा बिनतोड वाटतो, पण त्याचे तीन तुकडे होतात, त्यांतले दोन वर्ध्यातच. विश्वशांती स्तूप आहे. त्याच्या पोटात कुणी राहत नाही, त्यामुळे तो बंद असला तरी कुणाला उकडत नाही. त्याच्या शेजारी गीताई मंदिर आहे, १९८० सालचं. तिथे दगडी शिळांवर गीताई कोरलेली आहे आणि मंदिराला छप्परच नाही. कळसाचा वाद तिथे मुळातच मिटला. उरला गाभाऱ्यातल्या देवाचा प्रश्न. देवाला उकडत नाही, असं ज्यांना वाटतं त्यांनी पंढरपूरला जाऊन यावं. तिथे गुढीपाडव्यापासून मृग नक्षत्रापर्यंत विठ्ठलाला रोज चंदनउटी लावतात. बंद शिखराखाली उभ्या असलेल्या देवाला उन्हाळा सोसत नाही हे ज्या समाजानं शेकडो वर्षांपूर्वी ओळखलं, त्याच समाजानं बंद घुमटीखाली स्वतःच्या आईवडिलांना बसवावं? तेही चंदनाशिवाय? आणि पोकळ वास्तू बांधायची झाली तर काय करावं हे नागपूरच्या दीक्षाभूमीनं दाखवलं आहे. २००१ साली खुल्या झालेल्या त्या स्तूपाच्या आत हजारो माणसं मावतात, म्हणून त्याला चारी दिशांना दारं आहेत.

अर्थात पैसा कमी पडला तरी माथा सजवायचा ही ओढ फार जुनी आहे, आणि तिचं थोरलं स्मारक मराठवाड्यात आहे. औरंगाबादच्या, म्हणजे आताच्या छत्रपती संभाजीनगरच्या, बीबी का मकबऱ्याचा खर्च ६,६८,२०३ रुपये ७ आणे आला, असं जुन्या नोंदीत लिहिलेलं आहे. ताजमहालाच्या मानानं हे फारच आवळलेलं अंदाजपत्रक. त्याचा परिणाम असा, की संगमरवर भिंतींच्या खालच्या भागात कमरेएवढ्या उंचीपर्यंत लावला, मधल्या सगळ्या अंगाला चुन्याचा गिलावा केला, आणि घुमट? घुमट पुन्हा संगमरवराचा! मधल्या भिंतीवर काटकसर चालेल, लांबून जे दिसतं त्यावर नाही. या मकबऱ्याच्या कारभाऱ्यांना बोरगावच्या ले-आऊटमध्ये आणून उभं केलं असतं तर त्यांना कुणी परकं म्हटलं नसतं. वरचे सात आणे बहुधा कळसाचेच.

पण थोर इमारतींनी दिखाऊपणा केला तरी अक्कल गहाण ठेवली नाही, आणि इथे आपल्या प्रश्नाचं उत्तर सापडतं. मुंबईच्या बोरीबंदर स्टेशनचा घुमट पाहा, एफ. डब्ल्यू. स्टीव्हन्सनं रचलेला, १८८८ साली पुरा झालेला. त्याच्या टोकावर ‘प्रगती’ची मूर्ती उभी आहे आणि तिच्याकडे मान वर करून बघण्यात फलाट चुकलेले लोक आहेत. पण घुमट कशावर बसवला आहे? जिन्यावर. मुख्य जिन्याच्या उंच पोकळीवर तो आहे आणि त्याच्या खालच्या खिडक्यांतून त्या जिन्यात उजेड पडतो. १९०३ सालच्या ताजमहाल हॉटेलातही मधल्या भव्य जिन्याच्या डोक्यावरच घुमट. माउंट व्हर्ननचंही तेच, हे आपण पाहिलं. तीन ठिकाणचे, तीन स्वभावाचे बांधणारे, आणि घुमट मात्र सगळ्यांनी जिन्यावर ठेवला. कारण घरात खालपासून वरपर्यंत सलग उभी पोकळी एकच असते, ती जिन्याची. ती आयती चिमणी आहे. हवेचा ओढा दोन गोष्टींवर ठरतो: पोकळीची उंची किती आणि आतल्या-बाहेरच्या तापमानात फरक किती. उंची जिन्यानं फुकट दिलेली आहे, फरक वर्ध्याच्या उन्हानं.

आता या दृष्टीनं पुन्हा त्या स्लॅबवर चढा. तिथे जिना जिथे वर निघतो तिथे एक खोली असते. तिला कुणी खोली म्हणत नाही, कारण तिच्यात राहत कुणी नाही. जुन्या कूलरचं गंजलेलं स्टँड, एक पाय मोडलेली प्लास्टिकची खुर्ची, गणपतीच्या मखराचा थर्माकोल, उरलेल्या रंगाचे डबे, आणि उन्हाळ्यात पोहायला शिकायचं ठरलं होतं त्या वर्षीची हवेची ट्यूब. दाराला पत्रा, पत्र्याला कुलूप, किल्ली हरवलेली. घरातली सगळी गरम हवा जिन्यानं वर येऊन या कुलपाशी थांबते आणि थर्माकोलच्या सहवासात रात्र काढते. म्हणजे भोक आधीपासून आहे. घुमटी आधीपासून आहे. तिच्यावर आपण अडगळ रचली, आणि मग दहा पावलांवर, जिथे खाली भोक असण्याची काडीमात्र शक्यता नाही अशी भरीव स्लॅबची जागा शोधून, दुसरी घुमटी विकत आणून ठोकली.

इथे मिस्त्री मध्ये पडतो, आणि मिस्त्रीचा आक्षेप कुठल्याही वास्तुविशारदापेक्षा भारी असतो, कारण घरमालक त्याचंच ऐकतो. “भाऊ, भोक ठेवलं तं पाणी येईन ना बाप्पा!” पाण्याचं भय खरं आहे. मृगाचा पाऊस उभा पडत नाही, आडवा येतो. पण गंमत अशी, की पाण्याच्या भीतीनं एक मोठं भोक टाळणारा हाच मिस्त्री घुमटीच्या खांबांसाठी स्लॅबमध्ये चोवीस बारीक भोकं पाडून मोकळा झालेला असतो. चार इंचांच्या स्लॅबमध्ये तीन इंच आत गेलेला बोल्ट, वर पावसाळा, घुमटीला धरून हलवणारा वारा. दोन पावसाळे गेले की खालच्या पीओपीवर आधी पिवळसर गोल उमटतो, मग त्याला तपकिरी काठ येतो, मग झुंबराच्या साखळीवरून एक थेंब खाली येतो. जे भोक उघड असतं त्याची काळजी घेतली जाते. कडेला वीटभर उंच कठडा, वर पुढे आलेला छज्जा, खाली तिरप्या पट्ट्यांच्या झडपा, एवढ्यावर पाणी अडतं. जिन्यावरच्या खोलीला तर कठडाही लागत नाही. तिच्या भिंतीत, अगदी वर, स्लॅबला लागून दोन बाजूंना झडपा ठेवल्या की झालं. नवीन स्लॅब फोडायचा नाही, सळया कापायच्या नाहीत. शोभेची घुमटी आणलीच असेल तर ती त्याच खोलीच्या डोक्यावर चढवा. मग तिच्याकडे बोट दाखवून ‘ही हवेसाठी आहे’ असं पाहुण्यांना सांगता येईल आणि ते खरंही असेल.

अधिक जाणकार माणूस दुसरा आक्षेप घेईल, आणि तो खरोखर अवघड आहे. भर दुपारी पारा ४५ च्या वर असताना घरातली हवा बाहेरच्यापेक्षा थंड असते. थंड हवा जड. ती खालच्या दारांतून बाहेर सांडेल आणि वरच्या भोकातून बाहेरची झळ आत ओढली जाईल. चिमणी उलटी चालेल. अगदी बरोबर. म्हणून तर माउंट व्हर्ननच्या घुमटीला खिडक्या होत्या आणि साण्याला पाटी होती. सकाळी आठ-नऊला बंद, दिवस मावळून बाहेर गार झालं की उघडं, आणि पहाटेपर्यंत तसंच. दुपारी उघडायचं असेल तर एकाच स्थितीत: कूलर चालू असताना. कूलर बाहेरची हवा आत ढकलतो, आणि जेवढी आत आली तेवढी बाहेर गेलीच पाहिजे. नाही गेली तर हवा गार न होता चिकट होते, चादर अंगाला आणि मीठ बरणीला चिकटतं. विदर्भातल्या प्रत्येक घरात हे कळतं. म्हणून कूलरच्या समोरची खिडकी बोटभर उघडी ठेवतात आणि ती कुणी बंद केली यावरून घरात भांडणं होतात. हीच वाट जिन्यातून वर दिली तर कूलरची हवा बाहेर जाताना छताखालचा गरम थर सोबत घेऊन जाईल. अहिल्यानगरजवळच्या सोळाव्या शतकातल्या फराहबागेत निजामशाहीनं मधल्या दालनावर घुमट आणि महालाभोवती तलाव अशी योजना केली होती. आपल्याकडे तलावाच्या जागी कूलरचा टप आहे. तलावाला पंप लागत नव्हता, एवढाच काय तो फरक.

एसीवाले म्हणतील, आम्हाला भोक नकोच. नको, तर झडप लावून ठेवा. पण नवतप्यात सगळ्या ले-आऊटनं एकदम एसी लावले, डीपी बसली आणि लाइन गेली, की रात्री अडीच वाजता त्या झडपेची आठवण एसीवाल्यांनाच आधी येते. वास्तुशास्त्रवाल्यांची हरकत असायचं कारण नाही, कारण घराचं ब्रह्मस्थान मोकळं ठेवा असं तेच बजावत असतात. चोराचं भय सांगतात, पण दोन बोटं रुंद तिरप्या पट्ट्यांतून आत शिरण्याइतका कष्टाळू चोर एखाद्या कारखान्यात कामाला लागला असता. इतरांसाठी मागचं दार असतंच. पारव्यांना जाळी पुरते. घुमट आवाज वाढवतो, ही तक्रार मात्र गोलाकार छताचा हॉल बांधणाऱ्यांनी मनावर घ्यावी. विजापूरच्या गोलघुमटाच्या सज्जात कुजबुजलेलं पलीकडच्या टोकाला ऐकू येतं हे पर्यटकाला कौतुकाचं आहे. घरात, विशेषतः जिथे सासू आणि सून दोघी दुपारी फोनवर बोलतात तिथे, हे तंत्र टाळलेलं बरं.

वानरांना उत्तर नाही. फायबरच्या घुमटीवर बसायला त्यांना आवडतं, कारण तिथून सगळ्या ले-आऊटमधली वाळवणं एका नजरेत येतात. पण ती भोक असलेल्या घुमटीवरही बसतील आणि नसलेल्या घुमटीवरही. या मुद्द्यावर दोन्ही पक्ष समान आहेत, म्हणून तो बाजूला ठेवू.

राहता राहिला आकार आणि अंमल. अमेरिकन कारागिरांचा एक ठोकताळा आहे: छपराच्या दर फूट लांबीमागे घुमटीची रुंदी साधारण सव्वा इंच. म्हणजे ३० फुटी घराला तीन फुटांहून थोडी मोठी. त्याहून लहान असली तर रस्त्यावरून ती टाकीचं झाकण वाटते, फार मोठी असली तर घरच तिचा ओटा वाटतं. बोल्ट सिमेंटच्या वेगळ्या ओट्यात, मुख्य स्लॅबला न लागता. मे महिन्याच्या वादळात पत्रे उडतात, तेव्हा बांधणीत काटकसर नको. झडपांना बिजागरी, बिजागरीला दोरी, दोरी जिन्याच्या कठड्यावरून खाली. हे सगळं कुठलाही फॅब्रिकेशनवाला करून देतो. दोरीचं टोक नेमकं कुठे यावं, हा एकच प्रश्न त्याच्या अखत्यारीबाहेरचा आहे. मालक म्हणेल हॉलमध्ये, सोफ्यामागे. तसं केलं तर ती पहिल्या आठवड्यात पडद्याला गाठ मारायला वापरली जाईल आणि झडप वर्षभर अर्धी उघडी राहील. ती स्वयंपाकघराच्या दाराशी यायला हवी, कारण घरातली सगळ्यात गरम हवा तिथे तयार होते आणि कधी काय उघडायचं, कधी काय झाकायचं हे त्या खोलीतल्या माणसाला न सांगता कळतं. मालकानं कळसाचा रंग निवडावा. तेवढं काम त्याला पुरेल, आणि सोनेरी की तांब्याचा यावर त्याला सबंध पावसाळा विचार करता येईल.